हंसा वाडकर यांची साक्ष व 'भूमिका' चित्रपट

चित्रपट हें इतिहासाचें साधन मानावें कीं नाहीं, याविषयीं आमच्या अभ्यासकांत अद्याप एकमत झालेलें नाहीं. ताम्रपट, सनदा, महजर, बखरी, कैफियती यांची परीक्षा कशी करावी याचे दंडक राजवाडे-खऱ्यांच्या पिढीनें घालून दिले. हलत्या चित्रांच्या बाबतींत तसे दंडक कोणीं घातलेले नाहींत. म्हणून कोणी तीं सरसकट टाकून देतो, तर कोणी त्यांवर सरसकट विश्वास ठेवतो. दोन्ही रीती आम्हांस सदोष वाटतात. प्रस्तुत लेखांत आम्ही एकच प्रकरण घेतों. मराठी नटी हंसा वाडकर यांनीं आपल्या आयुष्याची जी हकीकत 'सांगत्ये ऐका' या नांवानें सांगितली ती, आणि तिच्या आधारें कै. श्याम बेनेगल यांनीं 1977 सालीं काढलेला 'भूमिका' हा हिंदी चित्रपट, हीं दोन साधनें शेजारीं ठेवून ताडून पाहणें एवढाच येथें हेतु आहे. स्त्रीच्या देहावर सत्ता कोणाची, आणि तो देह पाहणारा डोळा कोणाचा, हे दोन प्रश्न अलीकडे पुष्कळ चर्चिले जातात. ते या ताडणींत आपोआप पुढें येतात.

या प्रकरणाकडे आमचें लक्ष वळण्यास एक स्थानिक कारणहि आहे. हंसाबाईंच्या आयुष्यांतील सुमारें तीन वर्षें मराठवाड्यांतील एका गांवीं, एका गृहस्थाच्या घरांत गेलीं. त्या गृहस्थास आधींच्या दोन बायका होत्या, हंसाबाई तिसऱ्या. आम्ही हा मजकूर देवणी येथून लिहीत आहों. आमचा हा मुलूख 1948 पर्यंत निजामाच्या राज्यांत होता, 1956 पर्यंत उदगीर तालुक्यासह बीदर जिल्ह्यांत मोडत असे, मग उस्मानाबाद जिल्ह्यास जोडला गेला व 1982 पासून लातूर जिल्ह्यांत आहे. हंसाबाईंचें तें गांव देवणी होतें असें आमचें म्हणणें नाहीं. परंतु ज्या तऱ्हेच्या घरांत त्या अडकल्या, त्या तऱ्हेचीं घरें या बाजूस ठिकठिकाणीं होतीं. पुढें ढाळज, मग चौक, त्यापलीकडे माजघर. आणि घरंदाज बाईनें ढाळज ओलांडूं नये असा गोषाचा रिवाज. मुक्तिसंग्रामाचीं, जमाबंदीचीं, वतनाच्या तंट्यांचीं कागदपत्रें या भागांत विपुल आढळतात. माजघरांतील बाईनें स्वतःविषयीं सांगितलेली हकीकत हातीं लागणें मात्र फार दुर्मिळ. म्हणून मुंबईहून आलेल्या एका परक्या बाईची ही जबानी आमच्या प्रांताच्या इतिहासाचाहि कागद ठरते, आणि त्या कागदाचें पुढें काय झालें हें पाहणें आमचें काम ठरतें.

प्रथम मूळ साधनाविषयीं. हंसा वाडकर यांचें जन्मनांव रतन साळगांवकर. जन्म 24 जानेवारी 1923, मृत्यु 23 ऑगस्ट 1971. घराण्याच्या पूर्वपिढींत कलावंतिणीचा व्यवसाय होता. घरची ओढगस्त, म्हणून वयाच्या तेराव्या वर्षीं, 1936 सालीं, 'विजयाची लग्नें' या चित्रपटांत या मुलीस उभें करण्यांत आलें; घराण्याचें नांव पडद्यावर येऊं नये यासाठीं आडनांव बदललें. घर चालावें म्हणून मुलीनें पडद्यावर जावें, पण घराचें नांव मात्र तेथें जाऊं नये, ही तडजोड लक्षांत ठेवण्याजोगी आहे. पुढें 1941 सालीं प्रभातच्या 'संत सखू'मध्यें त्या सखू झाल्या, 1947 सालीं राजकमलच्या 'लोकशाहीर रामजोशी'मध्यें बया झाल्या, आणि 1959 सालीं अनंत माने यांच्या 'सांगत्ये ऐका' या तमाशापटांत त्यांनीं काम केलें. हा शेवटचा चित्रपट पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहांत 131 आठवडे चालला. त्याचेंच नांव त्यांनीं आपल्या आत्मकथनास दिलें. तें कथन प्रथम 'माणूस'मध्यें व मग 1970 सालीं राजहंस प्रकाशनातर्फे पुस्तकरूपानें निघालें. शब्दांकन अरुण साधू यांचें.

तेव्हां हा दस्तऐवज बाईंच्या हातचा नाहीं. ती जबानी आहे व लिहून घेणारा पुरुष आहे. जुन्या महजरांत साक्षीदार बोलतो व कारकून लिहितो, तसाच हा प्रकार. अशा जबानीचे दोष अभ्यासकांस ठाऊक आहेत. स्मरणावर विसंबलेली असल्यानें ती सनावळीस कच्ची असते, आणि लिहिणाऱ्याचें वळण तींत उतरतें. पण तिचा एक मोठा गुणहि आहे. जो साक्षीदार स्वतःस कमीपणा आणणाऱ्या गोष्टी आपण होऊन सांगतो, त्याची साक्ष सहसा अधिक ग्राह्य धरतात. हंसाबाई आपलें मद्यपान, आपला संताप, घर सोडून जाण्याचा आपला अविचार यांवर पांघरूण घालीत नाहींत. कोणाची सहानुभूति मिळवावी अशा बेतानें रचलेलें हें कथन नव्हे. त्यामुळें दुसऱ्यांनीं त्यांच्याशीं केलेल्या वर्तनाविषयीं त्या जें सांगतात, तें आम्ही विश्वसनीय मानतों.

नांवाविषयीं दोन शब्द. 'सांगत्ये' या क्रियापदांत बोलणारी बाई आहे हें क्रियापदच सांगतें. निराळें सर्वनाम लागत नाहीं. पुरुष 'सांगतो' म्हणेल. 2013 सालीं जसबीर जैन व शोभा शिंदे यांचें इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध झालें. त्याच्या नांवांत 'मी' आहे, परंतु त्या 'मी'स लिंग नाहीं, कारण इंग्रजी क्रियापदास तें पेलतच नाहीं. भाषांतरकारांचा यांत दोष नाहीं. आणि चित्रपटाचें नांव 'भूमिका'. हें तर केवळ नाम. त्यांत बोलणारी कोणी उरत नाहीं. कोणीतरी वठवावयाची एक वस्तु तेवढी राहते. आम्हांस या दोन नांवांतील अंतर हेंच पुढील सर्व चर्चेचें मूळ वाटतें.

आतां पाहणाऱ्या डोळ्याविषयीं. लॉरा मल्वी या इंग्रज विदुषीनें 1975 सालीं एका निबंधांत असें मांडलें कीं प्रचलित चित्रपटांत कॅमेऱ्याचा डोळा, कथेंतील पुरुषाचा डोळा व प्रेक्षकाचा डोळा हे तिन्ही एक होतात. पुरुष पाहतो व कथा पुढें नेतो, स्त्री पाहिली जाते, आणि ती पडद्यावर आली कीं कथा क्षणभर थांबते. यास 'पुरुषी दृष्टि' असें नांव पडलें आहे. आमच्याकडील वाचकांस हें समजून घेण्यासाठीं विलायतेस जाण्याचें कारण नाहीं. देवणीचें नांव दूरवर पोंचलें तें देवणी जातीच्या गाईबैलांमुळें. वानेरा, बालंक्या, शेवेरा असे अंगावरील रंगावरून त्यांचे भेद करतात. बाजारांत गिऱ्हाईक जनावराभोंवतीं फिरतें, दांत पाहतें, खूर पाहतें, चार पावलें चालवून पाहतें. त्यांत लपवाछपवी कांहीं नाहीं. पाहणें खरेदीसाठीं आहे हें सर्वांस ठाऊक असतें. मुलगी पाहावयास आलेले लोकहि 'जरा चालून दाखव' म्हणत, आणि तें म्हणतांना कोणास बाजाराची आठवण होत नसे. चित्रपटानें नवें केलें तें इतकेंच कीं हा डोळा अंधारांत बसलेल्या हजारों जणांस एकाच वेळीं व चार-सहा आण्यांत मिळवून दिला.

मराठी माणसाच्या चित्रपटव्यवसायांत या डोळ्याचें वय चित्रपटाइतकेंच आहे. 'राजा हरिश्चंद्र' 3 मे 1913 रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहांत लोकांपुढें आला. तारामतीच्या कामास बाई मिळेना. फाळके वेश्यावस्तीपर्यंत जाऊन आले. तेथेंहि नकारच मिळाला. अखेरीस उपाहारगृहांत काम करणारे अण्णा साळुंके तारामती झाले. या चित्रपटांत तारामती व तिच्या सख्या यांच्या जलक्रीडेचें दृश्य आहे, आणि ओलेत्या लुगड्यांतील त्या सर्व 'सख्या' पुरुष आहेत. आज या गोष्टीचें हंसूं येतें. पण इतिहासदृष्ट्या ती फार बोलकी आहे. बाई अद्याप पडद्यावर आलीच नव्हती, आणि तिला उभें करावयाची जागा मात्र आधींच आंखून तयार होती. पुढें थोड्याच काळांत 'मोहिनी भस्मासुर'मध्यें दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या पडद्यावर आल्या; कमलाबाईंनीं केलेली भूमिका मोहिनीची, म्हणजे स्त्रीरूप घेतलेल्या विष्णूची. पुरुष बायका झाले होते, आतां बाई देवाचें सोंग झाली. हा योगायोग असेल. आम्ही त्यावर अधिक भार देत नाहीं.

तीसनंतरच्या दशकांत दोन चित्रपट एका वर्षाच्या अंतरानें आले. 1937 सालच्या प्रभातच्या 'कुंकू'मध्यें शांता आपटे यांची नीरा म्हाताऱ्या विधुराशीं फसवून लावलेलें लग्न मानीत नाहीं व त्याच्याशीं पतिपत्नीचा संबंध ठेवण्याचें साफ नाकारते. स्वतःच्या देहाविषयीं इतक्या स्पष्टपणें 'नाहीं' म्हणणारी बाई मराठी पडद्यानें त्यापूर्वीं दाखविली नव्हती. मात्र तिची सुटका कशी होते पाहावें: पति पश्चात्ताप पावून जीव देतो व पत्र लिहून तिला मोकळीक देतो. म्हणजे तिचा नकार खरा, परंतु त्या नकाराचें फळ अखेरीस नवऱ्याच्या हातून, देणगी म्हणून, यावें लागलें. 1938 सालीं मास्टर विनायक यांच्या 'ब्रह्मचारी'मध्यें मीनाक्षी शिरोडकर पोहण्याच्या पोशाखांत दिसल्या व महाराष्ट्रांत गहजब झाला. निंदा करणारे व पुनःपुन्हा तिकीट काढणारे हे दोन निराळे वर्ग होते असें समजण्याचें कारण नाहीं. नटीचें स्वतःचें मत काय, हें विचारण्याची त्या काळीं चाल नव्हती. म्हणूनच 1940 सालीं शांता आपटे यांनीं 'जाऊं मी सिनेमांत?' हें पुस्तक लिहिलें याचें महत्त्व आम्हांस वाटतें. 'सांगत्ये ऐका'च्या तीस वर्षें आधींची ती एका नटीची लेखी साक्ष आहे.

हंसाबाईंचा देह याच बाजारांत वाढला. 'संत सखू'ची सखू सासूच्या छळानें खांबास जखडलेली; पाहणारा हात जोडून पाहतो. सहाच वर्षांनीं 'रामजोशी'ची बया फडावर उभी राहते. पाहणारा पागोटें उडवून पाहतो. देह एकच, डोळेहि बहुतेक तेच. लावणींत बाईच्या तोंडीं घातलेली रचना बहुधा पुरुष शाहिरानें केलेली असे. ही जुनी वहिवाट कॅमेऱ्यानें तशीच पुढें चालविली. 1972 सालच्या 'पिंजरा'नें तर मास्तरांच्या अधःपाताचा सारा दोष नाचणारीच्या पायांवर घातला, आणि ते पाय प्रेक्षकांस पोटभर दाखविले. त्या चित्रपटाची मूळ कल्पना 1930 सालच्या एका जर्मन बोलपटाची. तेव्हां हा आजार केवळ आमचाच नव्हे, एवढें समाधान मानावयाचें असल्यास मानावें.

या पार्श्वभूमीवर 'भूमिका' हा थोर चित्रपट आहे, यांत शंका नाहीं. पटकथा बेनेगल, गिरीश कार्नाड व सत्यदेव दुबे या तिघांची. कॅमेरा गोविंद निहलानी यांचा. उषेचें काम स्मिता पाटील यांचें, आणि त्याबद्दल त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचें राष्ट्रीय पारितोषिक मिळालें. पटकथेसहि राष्ट्रीय पारितोषिक मिळालें. आरंभींच उषा स्टुडिओंत कॅमेऱ्यापुढें नाचत असते. आपण एक नृत्य पाहतों, आणि लगेच तें नृत्य पाहणारें यंत्र, दिवे, माणसें हेंहि पाहतों. आपल्या डोळ्याची आपल्यास अशी जाणीव करून देणारे चित्रपट आपल्याकडे थोडेच. स्मिता पाटील यांचा चेहरा तर पाहणाऱ्यास सुखानें पाहूं देत नाहीं. तो उलट पाहतो. कोणत्याहि दृश्यांत उषा दयेची भीक मागत नाहीं. हें सर्व मान्य करूनच पुढील आक्षेप आम्ही नोंदवीत आहों.

चित्रपटांत पति उषेस गर्भपात करावयास लावतो. हंसाबाईंच्या कथनांतहि ही वेदना आहे: मूल हवें असतां, संसार हवा असतां, तो मिळूं नये. स्त्रीच्या देहावरील सत्तेची चर्चा आपल्याकडे बहुतकरून गर्भ नको असतां तो ठेवण्याची सक्ति, या एकाच बाजूनें होते. येथें प्रकरण उलट आहे. बाईस गर्भ हवा, आणि तो राहूं नये अशी घरच्यांची इच्छा, कारण कमावतें माणूस ती. सक्ति दोन्हीकडे सारखीच. त्या काळीं भारतीय दंडविधानाच्या 312 व्या कलमान्वये गर्भपात करविणें गुन्हा होता; बाईचा जीव वांचविण्यासाठीं केलेला तेवढा अपवाद. गर्भपातास कांहीं अटींवर परवानगी देणारा कायदा 10 ऑगस्ट 1971 रोजीं संमत झाला व 1 एप्रिल 1972 पासून अमलांत आला. पहिल्या तारखेनंतर तेरा दिवसांनीं हंसाबाई वारल्या. म्हणजे त्यांचें सारें आयुष्य त्या जुन्या कायद्याखालीं गेलें. आणि तो कायदा त्यांच्या उपयोगीं पडला नाहीं, कारण घरांतील सक्तीस तो पोंचतच नव्हता. चित्रपटानें हा प्रसंग संयमानें व चांगला हाताळला आहे. येथें आमची तक्रार नाहीं.

तक्रार पुढें आहे. चित्रपटांत उषा विनायक काळे या श्रीमंत जमीनदाराकडे राहावयास जाते. अंथरुणास खिळलेली पहिली पत्नी, वृद्ध आई, लहान मुलगा असें तें घर. उषेस तेथें आरंभीं बरें वाटतें. मुलाचा लळा लागतो. एके दिवशीं ती मुलास घेऊन जत्रेस निघते, आणि तिला दारांतच अडवितात. या घरांतील बायका बाहेर जात नाहींत, हें तिला तेव्हां कळतें. हा प्रसंग उत्तम आहे. जत्रेसारखी साधी गोष्ट निवडल्यानें ढाळजेचा अर्थ एका क्षणांत समजतो. मात्र हा वाडा कोणत्या मुलुखांतला, याला चित्रपटाच्या लेखीं महत्त्व नाहीं. तो कोठलाहि वाडा असूं शकतो. हंसाबाईंच्या जबानींत मुलूख आहे. मुंबईच्या स्टुडिओंत ज्या बाईचें चित्र भिंतीभिंतींवर लागत होतें, तीच बाई कांहीं तासांच्या प्रवासावरील गांवीं माजघराबाहेर कोणास दिसूं नये अशी ठेवली जाते. एकीकडे सर्वांनीं पाहावें, दुसरीकडे कोणीच पाहूं नये. आणि दोन्हीकडे ठरविणारा दुसराच. आमच्या मतें या दोन अवस्था परस्परांच्या विरुद्ध नाहींत. ती एकाच मालकीचीं दोन रूपें आहेत. हें समजण्यास गांव लागतें, गोषा लागतो, मराठवाडा लागतो. चित्रपटानें तो गाळला, आणि एका प्रांताची सामाजिक रीत ही एका पुरुषाच्या स्वभावाची गोष्ट झाली.

सर्वांत मोठी गाळणूक सुटकेच्या प्रसंगीं आहे. चित्रपटांत उषा पतीस कळविते, तो पोलिसांस घेऊन येतो, काळे यांस तिला सोडणें भाग पडतें. निघतांना ती खिळलेली पत्नी उषेशीं बोलते. तिच्या बोलण्याचा रोख सर्व पुरुषजातीवर आहे. आणि उषा मुंबईस परत येते. हंसाबाई जें सांगतात त्यांत आणखी एक माणूस आहे. पति त्यांना सोडवावयास आला खरा. परंतु या सुटकेच्या वेळींच एका मॅजिस्ट्रेटनें त्यांच्यावर बलात्कार केला. ज्याच्यापुढें दाद मागावयाची, तोच. चित्रपटांत हा मॅजिस्ट्रेट नाहीं.

या एका गाळणुकीनें साक्षीचा अर्थच फिरतो. चित्रपट पाहून उठणाऱ्याची समजूत अशी होते कीं वाड्याच्या आंत जुलूम आहे आणि वाड्याबाहेर कायदा आहे. पोलिस आले म्हणजे दार उघडतें. जबानी वाचून उठणाऱ्याची समजूत अशी होते कीं दार उघडलें तरी देह मोकळा होत नाहीं, कारण दाराबाहेर उभा असलेला सरकारी अंमलदारहि त्याच डोळ्यानें पाहतो. खिळलेल्या पत्नीचें सर्व पुरुषांवर ठपका ठेवणारें बोलणें ऐकावयास मर्मभेदक आहे. पण सर्वांवर ठेवलेला ठपका कोणाच एकावर बसत नाहीं. मॅजिस्ट्रेट ही व्यक्ति नसून जागा आहे. त्या जागेचें नांव घेणें हाच हंसाबाईंच्या साक्षीचा धीटपणा होता, आणि तोच नेमका पडद्यावर आला नाहीं.

यावर दोन उत्तरें देतां येतील. पहिलें असें कीं 'भूमिका' हा चरित्रपट नव्हे. नांवें बदललीं आहेत, प्रसंग जुळविले आहेत, कलावंतास एवढी मुभा असतेच. ही मुभा आम्हांस मान्य आहे. पण बखरकारानें काय बदललें यावरून आपण त्याचा कल ओळखतों; तोच न्याय येथें लावतों. येथील बदल एकाच दिशेस जातात: गांव गेलें, अंमलदार गेला, आणि घरांतील पुरुष तेवढे राहिले.

दुसरें उत्तर अधिक वजनदार आहे. त्या काळच्या हिंदी चित्रपटांत बलात्काराचें दृश्य हा करमणुकीचा ठराविक भाग होऊन बसला होता. सभ्य दिग्दर्शकानें तें दाखविण्याचें टाळलें, यांत त्याची सभ्यताच दिसते, असें कोणी म्हणेल. आम्हांसहि तें दृश्य दाखविलें गेलें नाहीं याचें समाधानच आहे. परंतु दाखविणें आणि सांगणें या दोन क्रिया आहेत. हंसाबाईंनीं कोणास कांहीं दाखविलें नाहीं, त्यांनीं सांगितलें. उषा पडद्यावर बसून, समोर पाहून, चार वाक्यांत हें सांगूं शकली असती. स्मिता पाटील यांच्या तोंडून तीं चार वाक्यें ऐकल्यावर प्रेक्षागृहांत काय शांतता पसरली असती याची कल्पना करावी. तसें सुचलें नाहीं, कारण उत्तमांतला उत्तम चित्रपटहि बाईच्या देहाविषयीं दोनच गोष्टी जाणत होता: तो उघडा करावा किंवा झांकावा. तो देह बोलतो, ही तिसरी गोष्ट त्याच्या ध्यानांत आली नाहीं. पुरुषी दृष्टि म्हणतात ती केवळ अधाशी डोळ्यांत असते असें नाहीं. सभ्यपणें मिटलेल्या डोळ्यांतहि ती असूं शकते.

नटीच्या हातीं किती थोडें असतें याचा पडताळा स्मिता पाटील यांना पुढें लवकरच आला. 1981 सालच्या 'चक्र'मध्यें झोंपडवस्तींतील बाई उघड्यावर नळाशीं अंघोळ करते असें दृश्य आहे. कथेंत तें दारिद्र्याचें दृश्य आहे. जाहिरातीच्या चित्रांत तें निव्वळ अंघोळीचें दृश्य झालें, आणि त्याविषयीं त्यांनीं आपली नाराजी बोलून दाखविली. अण्णा साळुंक्यांच्या ओलेत्या लुगड्यापासून येथवर 68 वर्षें लोटलीं होतीं.

सांगण्यास पडद्यावर जागा करून देणारे कांहीं प्रयत्न नंतर झाले, ते कथापटांच्या मुख्य रस्त्याबाहेर. सुमित्रा भावे या मूळच्या समाजशास्त्राच्या अभ्यासक. बायकांनीं सांगितलेल्या हकीकती टिपून घेण्याच्या कामांतून त्या चित्रपटाकडे आल्या, आणि 1985 सालचा त्यांचा 'बाई' हा लघुपट त्याच वाटेवरचा आहे. आधीं ऐकावयाचें आणि मग पाहावयाचें, हा क्रम आम्हांस योग्य वाटतो. त्यावर सविस्तर लिहिणें या लेखाच्या कक्षेबाहेर आहे.

आमच्या प्रांतापुरतें बोलावयाचें तर निष्कर्ष व्यवहाराचा आहे. मराठवाड्यांतील वाड्यांच्या इतिहासासाठीं 'भूमिका' हें दुय्यम साधन धरावें व 'सांगत्ये ऐका' हें प्रथम. आणि जेथें दोहोंत विरोध येईल तेथें जबानी ग्राह्य मानावी. चित्रपट अधिक प्रसिद्ध व अधिक सुंदर आहे, म्हणून तो अधिक खरा होत नाहीं. हें लिहिण्याचें कारण असें कीं हंसाबाईंचें चरित्र म्हणून 'भूमिके'चाच हवाला देणारे लेख आमच्या वारंवार पाहण्यांत येतात, आणि त्यांत मॅजिस्ट्रेटचा उल्लेख नसतो.

देवणी, उदगीर, निलंगा, अहमदपूर, देगलूर, मुखेड या बाजूंच्या ज्या वाचकांच्या घरीं जुन्या बायकांनीं सांगितलेल्या हकीकती कोणीं उतरून ठेवल्या असतील, त्यांनीं त्यांच्या नकला मंडळाकडे पाठवाव्या, अशी विनंति आहे. नांवें छापूं नयेत अशी इच्छा असल्यास तसें कळवावें; तीं छापलीं जाणार नाहींत. बोलणारीचे शब्द बदलूं नयेत, गांवढळ वाटले तरी सुधारूं नयेत, आणि क्रियापद जसें तिनें उच्चारलें असेल तसेंच ठेवावें.